सरनोबत आला

ही मला कुणी सांगितलेली गोष्ट नाही. जे घडलं ते माझ्यासमोर घडलं. कुणाला खोटं वाटलं तर मी वाद घालणार नाही. हे सगळं खोटं असतं, तर माझ्याइतका आनंद कुणालाच झाला नसता.

माझं नाव जयराज सरनोबत. राहायला तासगावात, बेदाण्याच्या एका कोल्ड स्टोरेजवर कामाला. मूळ गाव मात्र माण तालुक्यात, म्हसवडपासून फार लांब नाही. गावाचं नाव मुद्दामच देत नाही. तिथल्या पठारावर आजही माणसं ड्यूटीला जातात.

मागच्या वर्षीची गोष्ट. सिद्धनाथाची रथयात्रा नुकतीच उरकली होती. थंडी पडायला लागली होती. यात्रेसाठी म्हणून आलो होतो आणि काकांकडे मुक्कामाला थांबलो होतो.

काका म्हणजे माझे धाकटे चुलते, भाऊसो सरनोबत. फौजेतून हवालदार होऊन रिटायर झालेले. गावात त्यांना आडनावानं कुणीच हाक मारत नाही. लहानथोर सगळे 'हवालदार' म्हणतात. त्यांचा मुलगा पृथ्वीराज, तोही फौजेत, तेव्हा जम्मूकडं होता. घरात काका आणि राहीबाई काकू, दोघंच.

काकू म्हणजे एकदम गरीब बाई. आवाज असा की शेजारच्या खोलीत ऐकू जायचा नाही. उभ्या जन्मात तिनं काकांचं नाव तोंडातून काढलं नव्हतं. 'आवं' म्हणायची. बस, तेवढंच.

गावाच्या डोक्यावर मोठं पठार आहे. त्यावर पवनचक्क्या. पवनचक्क्यांकडं जाणारा रस्ता एका जुन्या चौकीला लागून जातो. किल्ला म्हणण्यासारखं काही नाही तिथं. एक दगडी दरवाजा, दोन्ही अंगाला पडका तट. दरवाजाच्या आत दोन बाजूंना दोन देवड्या. देवडी म्हणजे पूर्वी पहारेकरी बसायचे ती जागा. माणूस ताठ उभा राहील एवढी दगडी खोबण. आत कायम अंधार.

त्या दरवाजाशेजारीच कंपनीनं पत्र्याची केबिन टाकलीय. सिक्युरिटीसाठी. दिवसा तात्याबा असायचा, रात्री काका.

काकांच्या डोळ्याचं ऑपरेशन झालं होतं. अंधुक उजेडात त्यांना गाडी चालवायला डॉक्टरांनी बंदी केली होती. म्हणून त्या संध्याकाळी मी त्यांना सोडायला निघालो.

पठाराच्या वळणावर आम्हाला तात्याबा दिसला.

एकटाच खाली येत होता.

मी गाडी थांबवली. काका मागून म्हणाले, "तात्याबा, आजून उजेड हाय. एवढ्या लवकर खाली?"

तात्याबा हसला. मग त्यानं काकांकडं नीट पाहिलं... आणि त्याचं हसू गेलं.

"हवालदार... तुमी खालनं कसं येताय?"

"मग कुठनं येऊ?"

"तुमी तर वर हायसा."

काका गाडीवरनं उतरले. "काय बोलतोयस रं?"

"आत्ताच की पहारा घेतलासा माझ्याकडनं. मी दरवाजात पाठमोरा बसलो हुतो. मागनं आवाज आला, 'सरनोबत आला.' मी म्हणलं, आज हवालदार लवकर आलं. किल्ल्या मागं धरल्या. तुमी घेतल्या."

"मला बघितलास तू?"

तात्याबा आपल्या हाताकडं बघायला लागला.

"बघितलास का न्हाई?"

"वळलो तवा ऊन डोळ्यावर हुतं. मानूस दिसलं. उंच." तात्याबानं स्वतःचा उजवा हात डाव्या हातात घट्ट धरला होता. "पर हवालदार... हात लय गार हुता. मला वाटलं, वाऱ्यानं आसल."

तात्याबाच्या गळ्यात माळ होती. दारूला कधी शिवलेला माणूस नव्हता तो. आणि खोटं बोलून त्याला मिळणार काय होतं?

तो खाली निघून गेला. एकदाही मागं वळून पाहिलं नाही.

आम्ही वर गेलो.

केबिनला कुलूप. आजूबाजूला कुणी नाही. पवनचक्क्यांची पाती फिरत होती, तो घूं घूं आवाज तेवढा चालू होता.

काकांनी किल्ल्या शोधल्या. केबिनच्या पायरीवर नाहीत. दरवाजात नाहीत.

मग त्यांनी मोबाइलचा उजेड डाव्या देवडीत मारला.

किल्ल्या आत होत्या. अगदी आत, भिंतीला टेकून. पडल्यासारख्या नाही... ठेवल्यासारख्या. जुडग्यातली एकेक किल्ली सरळ, ओळीत.

"म्हातारा झालाय त्यो," काका म्हणाले. "स्वतःच ठिवल्या आसतील न् इसरला."

पण किल्ल्या उचलल्यावर काकांनी हात पँटला पुसला. मग पुन्हा पुसला.

मी त्यांना म्हटलं, आज घरी चला. ते नुसते हसले. "पहारा सोडून? मी?"

सकाळी त्यांना आणायला गेलो तेव्हा ते केबिनच्या बाहेर उभे होते. रात्रभर झोपलेले नव्हते, हे चेहऱ्यावरनं कळत होतं. चहाचा थर्मास तसाच भरलेला.

"काय झालं, काका?"

त्यांनी थर्मास उचलला, परत ठेवला. मग म्हणाले, "तटावर कुनीतरी फिरत हुतं."

"चोर?"

"चोराची चाल न्हाई ती. गस्तीची हाय. या टोकापासनं त्या टोकापतुर. थांबायचं. वळायचं. परत चालायचं." काका तटाकडं बघत होते. "मी साद दिली. जाब आला न्हाई. पर चाल थांबली. माझ्या बरोब्बर डोक्यावर."

"मग?"

"मग काय न्हाई. उजाडलं." थोडं थांबून ते म्हणाले, "जो कोन हाय... शिस्तीचा हाय."

ते हे कौतुकानं म्हणाले. खरं सांगतो, तटावरच्या चालीपेक्षा मला काकांच्या त्या कौतुकाची जास्त भीती वाटली.

तात्याबा त्या दिवशी कामावर आला नाही. त्याला ताप भरला होता. त्याची सून सांगत होती, उजवा हात चुलीपुढं धरून बसलेत, पण हात काही गरम होईना.

काकू दिवसभर काकांच्या मागं लागली होती. "आवं, नगा जाऊ आज." काकांनी बूट घातले आणि निघाले. मी त्यांच्याबरोबर वर थांबायचं ठरवलं. एकट्याला सोडायचं माझ्या जिवावर आलं होतं.

आम्ही पोहोचलो तेव्हा दिवस मावळतीला टेकला होता. पवनचक्क्यांवर दिवसभर काम करणारी पोरं जीप घेऊन खाली गेली होती. पठारावर आम्ही दोघंच. काका दरवाजाच्या पायरीवर बसले. मी त्यांच्या शेजारी.

वारा होता. पाती फिरत होती. लांब कुठंतरी मेंढरं ओरडत होती.

आणि मग... मेंढरांचा आवाज थांबला.

मी मान वर केली.

जवळच्या पवनचक्कीचं पातं हळू झालं. आणखी हळू. थांबलं.

तिच्यामागची थांबली. तिच्याही मागची थांबली. बघता बघता पठारावरच्या सगळ्या पवनचक्क्या थांबल्या.

वारा थांबला की त्या थांबतात, हे मलाही माहीत आहे. पण समोरचं वाळलेलं कुसळाचं गवत तर वाऱ्यानं हलत होतं...

हलत होतं, आणि त्याचा आवाज येत नव्हता.

कसलाच आवाज येत नव्हता. मी खोकलो, तो खोकलाही मला ऐकू आला नाही.

मग त्या शांततेत, आमच्या पाठीमागं, दरवाजाच्या आत, पावलं वाजली.

जड. सावकाश. दगडावर.

येऊन थांबली.

"सरनोबत आला."

आवाज भयंकर वगैरे नव्हता. साधा पुरुषाचा आवाज. दमलेला. रोजचं काम रोजच्यासारखं करणाऱ्या माणसाचा.

काका ताडकन उभे राहिले. सावधान. पण वळले नाहीत. मलाही मान वळवता येईना.

"पहारा कोण घेतो?"

आता जे लिहितोय ते माझं मलाच पटत नाही. माझं तोंड उघडलं. मला बोलायचं नव्हतं. घशातून शब्द आपोआप वर येत होता. 'मी' एवढाच शब्द. जिभेवर आला होता...

काकांनी माझ्या तोंडावर हात दाबला. इतका घट्ट, की ओठ फुटला.

आणि ते म्हणाले, "मी."

वारा आला. पाती फिरायला लागली. मेंढरं ओरडली. सगळे आवाज एकदम कानावर आदळले.

मी वळून पाहिलं. दरवाजात कुणीही नव्हतं.

काका माझ्याकडं न बघता चालत गेले आणि डाव्या देवडीत उभे राहिले. पाठ भिंतीला. हात बाजूला. नजर समोर.

"काका, चला. घरी जाऊ."

"तू खाली जा, जयराज. पहारा लागलाय."

मी दंडाला धरून ओढलं. भिंतीतला चिरा ओढावा तसं वाटलं. त्यांच्या डोळ्यांची पापणी लवत नव्हती.

मी गाडी काढली आणि खाली सुटलो. काकूला घेऊन आलो, भावकीतली चार माणसं जीप घेऊन आली. काकू धावत देवडीपाशी गेली.

"कोन हाय?" काका ओरडले. "थांब तिथंच!"

स्वतःच्या बायकोला.

काकू जागच्या जागी थांबली. मग खाली बसली. त्यांच्यासमोर, दगडावर. रात्रभर तिथंच बसून राहिली. तिनं पाण्याचा तांब्या पुढं केला, त्यांनी घेतला नाही. शाल टाकली, ती खांद्यावरनं घसरून पडली. काका हलले नाहीत.

उजाडल्यावर आम्ही ठरवलं, दवाखान्यात न्यायचंच. सगळ्यांनी मिळून उचललं आणि जीपमध्ये आडवं केलं. दरवाजाच्या बाहेर आल्याबरोबर त्यांचं अंग एकदम सैल पडलं. आम्हाला वाटलं, सुटले.

जीप वळणापाशी आली तेव्हा काकूनं त्यांच्या छातीवर हात ठेवला.

"श्वास न्हाई," ती म्हणाली.

मी नाकाशी बोट धरलं. खरंच नव्हता. ओठ निळे पडत चालले होते.

"मागं घ्या गाडी."

"काकू, दवाखाना..."

"मागं घ्या म्हनते!"

तिचा असा आवाज मी पहिल्यांदाच ऐकला. ड्रायव्हरनं गाडी वळवली. दरवाजासमोर जीप थांबली आणि काकांनी बुडणारा माणूस वर आल्यासारखा मोठ्यानं श्वास घेतला. स्वतःच्या पायांनी उतरले. देवडीत जाऊन उभे राहिले.

मग कुणी त्यांना हात लावला नाही.

म्हसवडहून एक डॉक्टर वर आले. लांबूनच बघितलं, कारण काका कुणाला जवळ येऊ देईनात. मला बाजूला घेऊन म्हणाले, "कसला तरी धक्का बसलाय. पण हे वय, पोटात पाणी नाही, थंडी ही अशी. अजून एक रात्र असे उभे राहिले, तर काही सांगता येत नाही."

डॉक्टर गेल्यावर मी तटाच्या सावलीला बसलो. डोक्यात एकच गोष्ट फिरत होती. गावात काकांना कुणी सरनोबत म्हणत नाही. मग तो आवाज 'सरनोबत' म्हणाला तो कोणाला? आमचं आडनाव घेऊन आला होता का कोणी? की ते त्याचं स्वतःचं होतं?

मी सांगलीला फोन लावला. सन्मती पाटील मॅडमना. कॉलेजात त्यांनी मला इतिहास शिकवला होता. काय घडलंय ते मी त्यांना सांगितलं नाही. फक्त विचारलं, "मॅडम, सरनोबत म्हणजे नक्की काय हो?"

"तू विचारतोस?" त्या हसल्या. "अरे, तुझंच आडनाव की."

"सेनापती ना?"

"ते पुढं झालं. मूळ शब्द सर-ए-नौबत. सर म्हणजे मुख्य. नौबत म्हणजे पाळी. पहाऱ्याची पाळी. बहमनी सुलतानांच्या वाड्यावर खास पहारा असायचा, पाळीपाळीनं. त्या पाळीवरचा अधिकारी तो सर-ए-नौबत. मग आपल्याकडं तो शब्द मोठा झाला, फौजेच्या प्रमुखाला म्हणायला लागले. पण गडावर सरनोबत असायचाच. पहारे, गस्ती, तटाची राखण, सगळं त्याच्याकडं."

"आणि नौबत वाजते ती?"

"पाळी बदलली की वाजवायचे, म्हणून त्या नगाऱ्यालाही नौबतच म्हणतात. आपण बोलताना नाही का म्हणत, 'उपाशी राहायची नौबत आली'? तीही तीच. पाळी आली, नौबत आली, एकच."

मी फोन स्पीकरवर ठेवला होता. काकू कधी जवळ येऊन बसली, कळलंच नाही.

"मॅडम, पहारेकऱ्याला पहाऱ्यावरनं मोकळं कोण करतं?"

"ज्यानं उभं केलं तो. सरनोबतच."

"आणि तो आलाच नाही तर?"

मॅडमचा आवाज बदलला. "जयराज, तू बरा आहेस ना?"

तेवढ्यात काकू फोनकडं वाकली. "बाई, बायकू बी सरनोबतच व्हय?"

"आडनाव लागतंच की," मॅडम गोंधळून म्हणाल्या. "पण हा हुद्दा आहे. तो कुणाला द्यायचा, ते राजा ठरवायचा."

"राजा आता कुठं हाय?" काकू म्हणाली आणि उठून गेली.

दिवस कलायला लागला. आम्ही वाट बघत होतो. तो येईल. कालच्यासारखा येईल, पहारा बदलेल, काका सुटतील.

सूर्य टेकला. मी पवनचक्क्यांकडं टक लावून बसलो.

पाती फिरत होती.

सूर्य निम्मा गेला.

पाती फिरतच होती. मेंढरं ओरडत होती. काकांचे गुडघे थरथरत होते. ओठांना भेगा पडून रक्त आलं होतं. नजर मात्र समोर.

"त्यो येत न्हाई," काकू म्हणाली. "त्याला मानूस मिळालाय. आता कशाला येतोय?"

मी सूर्याकडं पाहिलं. कड तेवढी उरली होती.

काकू उठली. पदर कमरेला खोचला. भावकीतल्या माणसांना तिनं मागं व्हायला सांगितलं, ती मागं झाली. मी मात्र तिच्या जवळच होतो. ती देवडीसमोर जाऊन उभी राहिली. सरळ. एवढीशी बाई, पण तेव्हा ती मला उंच वाटली.

"सरनोबत आली," ती म्हणाली.

पाती थांबली.

हळूहळू नाही. एकदम. सगळी.

आवाज गेला. कुसळं हलत होती. आणि त्या मुक्या पठारावर काकूचा आवाज मात्र स्पष्ट ऐकू आला.

"भाऊसो. पहारा सोड."

आयुष्यात पहिल्यांदा तिनं त्यांचं नाव घेतलं. पहिल्यांदा अरेतुरे केलं. माझ्या अंगावर काटा आला. त्या नावानं नाही... ते घेताना काकूचा आवाज दमलेला होता. रोजचं काम रोजच्यासारखं करणाऱ्या माणसासारखा.

काकांचे ओठ हलले.

"माझ्या जागी कोन?"

मान वळवून काकूनं खाली गावाकडं पाहिलं. घराघरांतून चुलींचा धूर निघत होता. ती बराच वेळ बघत होती.

मग ती पुढं झाली आणि काकांच्या कानाला तोंड लावून काहीतरी बोलली. एकच शब्द असावा. मी हाताच्या अंतरावर होतो. मला ऐकू आला नाही.

काकांच्या डोळ्यांत पाणी आलं. "न्हाई," ते म्हणाले. "न्हाई. त्यो न्हाई."

"हुकूम हाय," काकू म्हणाली.

काकांनी सॅल्यूट केला. एक पाऊल बाहेर टाकलं. आणि काकूच्या अंगावर कोसळले.

मी धरायला धावलो, तेव्हा देवडी माझ्या डोळ्यांसमोर होती. रिकामी. आतल्या अंधारात मातीवर पाय ठेवल्याचा आवाज झाला. खडा चुरडला. पाठ भिंतीला टेकल्यासारखं काहीतरी घासलं.

मग वारा सुटला.

काकांना आम्ही जीपमध्ये घातलं. वळणावर माझा हात त्यांच्या छातीवर होता. श्वास चालू होता. काकू पुढं बसली होती. तिनं मागं वळून एकदाही विचारलं नाही, श्वास आहे का म्हणून.

गावात शिरलो तर तात्याबाच्या दारात माणसं जमलेली.

त्याचा ताप दुपारीच उतरला होता म्हणे. पेज प्यायला होता. दिवस मावळताना पडून होता, आणि एकदम अंथरुणातनं उठला. सून म्हणाली, "काय पायजे, मामा?" त्यानं तिच्याकडं पाहिलंही नाही. भिंतीला पाठ लावून ताठ उभा राहिला. 'आलो,' म्हणाला.

बस. गेला.

गेल्यावरही उभाच होता. चौघांनी मिळून त्याला आडवं केलं.

मी काकूकडं पाहिलं. ती समोर रस्त्याकडं बघत होती. "गाडी दवाखान्याकडं घ्या," एवढंच म्हणाली.

काका वाचले. आठवडाभर दवाखान्यात होते, मग घरी आले. आता हिंडतात, फिरतात. नोकरी सोडली. पठाराचं नाव काढत नाहीत. तात्याबाच्या घरावरनं जायची वेळ आली, तर लांबच्या वाटेनं जातात. आणि काकूच्या नजरेला नजर देत नाहीत. तिनं ताट वाढलं की खाली मान घालून जेवतात.

त्या शब्दाबद्दल मी काकांना विचारलं नाही. काकूलाही विचारलं नाही. ज्याच्या हातात एकदा पहारा होता, त्यालाच परत बोलावता येतं का? की कुणालाही येतं? तात्याबा तापानं गेला, असं गाव म्हणतं. मीही तसंच म्हणतो.

या उन्हाळ्यात मी दोन दिवस गावी गेलो होतो. संध्याकाळी अंगणात बसलो होतो. दिवस मावळायला आला तशी काकू हातातलं धान्याचं सूप ठेवून उठली आणि फाटकापाशी गेली. पठाराकडं तोंड करून उभी राहिली. कुणीतरी बोलत असावं आणि ती ऐकत असावी, तशी. मधेच मान हलवायची. थांबायची. परत मान हलवायची.

घरात काकांनी खिडकी लावून घेतली.

"काकू," मी विचारलं, "काय करतेस?"

"काय न्हाई. समदं ठीक हाय म्हनत्यात."

"कोण?"

"पहाऱ्यावरची."

मी पठाराकडं पाहिलं. मला कुणी दिसलं नाही. "किती आहेत?"

"लय हायत रं." तिचा चेहरा खरोखर कळवळलेला होता. "कवाधरनं उभी हायती. पाय सुजल्यात. एकेक जन सोड म्हनतोय. मला बी वाटतं, सोडावं समद्यांस्नी."

"मग सोड की."

काकू माझ्याकडं वळली. संधिप्रकाशात तिचे डोळे नीट दिसत नव्हते.

"जागा मोकळी ठिवता येत न्हाई, जयराज."

आणि ती तशीच माझ्याकडं बघत राहिली... बाजारात भाजी निवडताना बघावं, तशी.

मी आत गेलो, पिशवी उचलली आणि म्हसवडच्या स्टँडवर येऊन मिळेल त्या एसटीत बसलो. काकांचा निरोपही घेतला नाही.

काकूचे फोन येतात. चांगली बोलते. जेवलास का, थंडी हाय का तिकडं, पृथ्वीराज रजेवर यायचाय, तू बी ये म्हणते.

मी दुपारी फोन उचलतो. रात्रीही उचलतो.

दिवस मावळताना वाजला, तर उचलत नाही. वाजू देतो. हल्ली त्याच वेळेला जास्त वाजतो.